अपील मुदतीबाहेर : उशीर नेमका कुणाचा?

पोस्ट मोठी आहे, आधीच सांगतो. पण ज्यांच्या घरात कोर्टाच्या कागदांची पिशवी खुंटीला टांगलेली आहे, त्यांनी तरी शेवटपर्यंत वाचा.

आमच्या घरात एक अपील फेटाळल्याचे पेढे वाटलेले मला चांगले आठवतात. साल २०००. मी नववीत होतो. वडील आणि तात्या संध्याकाळच्या एसटीनं पाथर्डीला उतरले, स्टँडजवळून अर्धा किलो पेढे घेतले आणि तिथून गावी आले. आईनं विचारलं, "काय झालं?" तात्या म्हणाले, "मुदतीबाहेर गेलं अपील. काढून टाकलं." मला वाटलं आपण काहीतरी मोठं जिंकलो.

अपील करणारी माझी सख्खी आत्या होती. ते तिनं आमच्याविरुद्ध केलं होतं.

आज्जा वारल्यावर बहिणींकडून हक्कसोडीचा कागद घेतला होता. आपल्याकडं घरोघरी घेतात तसाच. आत्याचं म्हणणं, अंगठा कशावर घेतला ते मला कुणी सांगितलं नाही, तेराव्याच्या गडबडीत कागद पुढं केला आणि मी अंगठा दिला. खालच्या कोर्टात तिचा दावा गेला. निकाल लागला नोव्हेंबर १९९७ मध्ये. तेव्हा आत्या आणि मामा कोयता घेऊन फडात होते, दोनअडीचशे किलोमीटरवर. दसरा झाला की आपल्या तालुक्यातल्या टोळ्या भरायला लागतात हे पाथर्डीकरांना वेगळं सांगायला नको. मुकादमाची उचल घेतलेली असते, मधनं उठून येता येत नाही. ती परतली मढीची यात्रा उरकल्यावर, पाडव्याच्या पुढं. मग कुणीतरी सांगितलं की तुझा दावा गेला. मग नक्कल, मग वकील, मग पैशाची जुळवाजुळव. अपील दाखल झालं एप्रिलअखेर. मुदत होती ३० दिवसांची.

आमच्या वकिलानं एकच मुद्दा मांडला. ऊसतोड हे काही अचानक आलेलं आजारपण नव्हे. ती दरवर्षी ठरलेली आहे. जाताना वकिलाकडं पत्ता ठेवून जायला हवं होतं. कोर्टाला ते पटलं. उशीर माफीचा अर्ज नामंजूर, म्हणून अपीलही नामंजूर.

म्हणजे बघा, त्या अंगठ्याबद्दल आत्या खरं बोलत होती की खोटं, हे वरच्या कोर्टानं तपासलंच नाही. तपासायची वेळच आली नाही. इतकी वर्षं हा मुद्दा माझ्या डोक्यात आहे. म्हणून या मुदतीच्या कायद्याचा इतिहास वाचायला घेतला. आणि वाचता वाचता लक्षात आलं की या इतिहासातलं एक मोठं प्रकरण आपल्याच नगर जिल्ह्यात घडलेलं आहे.



आधी जुनी गोष्ट. मराठेशाहीत, पेशवाईत वतनाचे तंटे पिढ्यानपिढ्या चालायचे. पाटीलकी कुणाची, शिव कुठली, वडीलपणाचा मान कुणाचा. गोतसभा बसायची, साक्षी व्हायच्या, महजर लिहिला जायचा. जिंकणाऱ्याकडून सरकार हरकी घ्यायचं, हरणाऱ्याकडून गुन्हेगारी. पण प्रकरण तिथं मिटायचंच असं नाही. हरलेल्याचा नातू नवा साक्षीदार, नवा कागद घेऊन दुसऱ्या ठाण्यात उभा राहायचा. अमुक वर्षांनंतर दाद मागायची नाही, अशी आजच्यासारखी पक्की रेघ तेव्हा नव्हती. वतन बुडत नाही, हीच समजूत.

१८१८ ला पेशवाई गेली. माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टन मुंबईचा गव्हर्नर असताना १८२७ मध्ये मुंबई इलाख्यासाठी कायद्यांचा संच तयार झाला. त्यातल्या पाचव्या रेग्युलेशनमध्ये मुदतीचे नियम आले. तीस वर्षं मालक म्हणून विनाअडथळा ताबा असेल तर तोच मालकीचा पुरावा, हे त्यातलंच. वर्षं मोजून हक्क ठरवायची सवय आपल्या भागाला तेव्हापासून लागली.

मग १८५९ चा १४ वा कायदा आला. सगळ्या ब्रिटिश हिंदुस्थानासाठी मुदतीचा पहिला कायदा. हातउसन्या, साध्या कर्जाच्या दाव्याला तीन वर्षं. हेतू चांगलाच होता. सावकारानं वीस वर्षांपूर्वीची वही काढून कुणब्याच्या पोराला धरू नये, जुनी येणी आपोआप संपावीत.

घडलं उलटंच. सावकाराला मुदत कळत होती, कुणब्याला कळत नव्हती. तीन वर्षं भरत आली की सावकार म्हणायचा, चल, नवा कागद कर, नाहीतर आत्ता फिर्याद लावतो. नव्या कागदात जुनं मुद्दल अधिक तीन वर्षांचं व्याज, आणि ते सगळं मिळून नवं मुद्दल. पुन्हा तीन वर्षांनी तेच. कुणब्याच्या भल्यासाठी केलेल्या कायद्यानं त्याचं कर्ज दर तीन वर्षांनी फुगायला लागलं. फिर्याद झालीच तर कुणबी कोर्टात जायचा नाही. लांबचा रस्ता, बुडणारी मजुरी, वकिलाची फी, आणि समन्स हातात पडलं की नाही हाही प्रश्नच. हुकूमनामे एकतर्फी व्हायचे. बैलं, भांडी, मग जमीन.

१२ मे १८७५ ला पुणे जिल्ह्यातल्या सुप्याच्या बाजारात ठिणगी पडली. तिथून लोण आपल्या जिल्ह्यात आलं. श्रीगोंदा, पारनेर, कर्जत, नगर या तालुक्यांतल्या गावांत लोकांनी सावकारांची घरं घेरली. लक्षात घ्या, त्यांना मुख्यतः धान्य नको होतं, दागिने नको होते. त्यांना रोखे आणि खतं हवी होती. ती काढून घ्यायची आणि जाळायची. कागद देईल त्या सावकाराला बहुतेक ठिकाणी फारसा हात लागला नाही. शाळेत आपण याला 'दख्खनचे दंगे' म्हणून दोन मार्कांना शिकलो. पण नीट बघितलं तर हा कोर्टाच्या कागदाविरुद्धचा उठाव होता. ज्या कागदाला उत्तर द्यायची वेळ आपल्याला कळलीच नाही, त्या कागदाविरुद्धचा.

सरकारनं चौकशी कमिशन नेमलं. कमिशननं दंग्याच्या कारणांत मुदतीच्या कायद्याचा आणि एकतर्फी हुकूमनाम्यांचा स्पष्ट उल्लेख केला. त्यातून १८७९ चा दख्खन शेतकरी कर्जनिवारण कायदा आला. तो सुरुवातीला चारच जिल्ह्यांना लागू होता. पुणे, सातारा, सोलापूर आणि आपलं अहमदनगर. त्यात दोन गोष्टी मोठ्या होत्या. एक, शेतकऱ्यावरच्या येण्याची मुदत वाढवली. नोंदवलेल्या कागदाला १२ वर्षं, बाकीच्याला ६. म्हणजे दर तीन वर्षांनी कागद बदलायची सक्ती संपली. दोन, कोर्टानं फक्त रोख्यावरची सही बघून हुकूमनामा द्यायचा नाही. प्रतिवादी शेतकऱ्याला विचारायचं, व्यवहार मुळापासून तपासायचा, मुद्दल किती आणि व्याज किती ते स्वतः काढायचं. न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे हायकोर्टात जायच्या आधी याच कायद्याखाली स्पेशल जज म्हणून फिरत होते. याच काळात जोतीराव फुले 'शेतकऱ्याचा असूड' लिहीत होते आणि त्यात कोर्टातली कारकुनी, वकिली आणि कुणब्याची फरफट मांडत होते.

हा सगळा इतिहास सांगायचं कारण एवढंच. दीडशे वर्षांपूर्वी, परक्या सरकारला, आपल्या जिल्ह्यातल्या लोकांनी एक गोष्ट कबूल करायला लावली. कॅलेंडर सगळ्यांना सारखं दिसत असलं तरी मुदत सगळ्यांना सारखी पडत नाही.



आज लागू आहे तो १९६३ चा मुदत कायदा. १ जानेवारी १९६४ पासून. दिवाणी अपील जिल्हा कोर्टात करायचं तर ३० दिवस, हायकोर्टात ९० दिवस. महसुली अपील, म्हणजे फेरफार, वारसनोंद वगैरे, महाराष्ट्र जमीन महसूल संहितेप्रमाणे ६० दिवस, आणि कलेक्टरच्या पातळीवरचा आदेश असेल तर ९०. फेरफाराची नोटीस लागली तर हरकतीला १५ दिवस. आता सांगा, दिवाळीत घराला कुलूप लावून गेलेल्या माणसाला चावडीवरची १५ दिवसांची नोटीस कशी दिसायची?

कायद्यात खिडकी ठेवलेली आहे. कलम ५. 'पुरेसं कारण' दाखवलं तर कोर्ट उशीर माफ करू शकतं. महसुली अपिलासाठी संहितेच्या कलम २५१ मध्येही तशीच सोय आहे. सगळं भांडण या दोन शब्दांवर आहे. पुरेसं म्हणजे किती?

याबाबत वकील लोक १९८७ चा सुप्रीम कोर्टाचा एक निकाल हमखास दाखवतात. काश्मीरमधल्या अनंतनागच्या भूसंपादनाचा. अपील फक्त चार दिवस उशिरा आलं होतं, हायकोर्टानं फेटाळलं होतं. सुप्रीम कोर्टानं उशीर माफ केला आणि एक दिशा घालून दिली. प्रत्येक दिवसाचा हिशेब मागायचा म्हणजे ताणत बसायचं नाही, मग तासाचा आणि सेकंदाचा हिशेब का नको? मुद्दाम उशीर करून कुणाचा फायदा होत नाही, झाला तर तोटाच होतो. तांत्रिक बाब एका पारड्यात आणि खरा न्याय दुसऱ्या पारड्यात असेल तर न्यायाकडं झुकावं.

ऐकायला किती छान. पण त्या प्रकरणात उशीर करणारं कोण होतं? सरकार. जमीनवाल्यांना सुमारे १४ लाख रुपये वाढीव मोबदला मिळाला होता आणि त्याविरुद्ध सरकार अपिलात गेलं होतं. गरिबाच्या बाजूचं म्हणून आपण जे तत्त्व सांगतो, ते सरकारला मिळालेल्या माफीतून जन्माला आलेलं आहे. कोर्टानं तेव्हा म्हटलंही होतं की सरकारला सावत्र वागणूक नको, फाइल टेबलावरून टेबलावर जायला वेळ लागतो.

पुढं सरकारनं या सवलतीचं काय केलं? मुंबई महापालिकेचं अपील सात वर्षांहून जास्त उशिरा आलं आणि हायकोर्टानं ते माफही केलं. २०१२ मध्ये सुप्रीम कोर्टानं ती माफी रद्द केली. त्याच वर्षी टपाल खात्याचा ४२७ दिवसांचा उशीर नामंजूर झाला. कोर्ट म्हणालं, आता फोन आहे, कॉम्प्युटर आहे, फाइल फिरत होती हे कारण चालणार नाही. २०२० मध्ये मध्य प्रदेश सरकार ६६३ दिवस उशिरा आलं, त्यांना २५ हजारांचा भुर्दंड बसला. त्या निकालात एक फार मार्मिक निरीक्षण आहे. अशी अपिलं जिंकायला केलेली नसतातच. वरून फेटाळल्याचं 'सर्टिफिकेट' मिळालं की आता काही करता येत नाही असं फाइलवर लिहून फाइल बंद करायची, आणि उशीर करणारा अधिकारी सुटतो. २०२१ मध्ये आपल्या राज्याच्या जलसंपदा खात्याचं ठेकेदाराविरुद्धचं अपील १३१ दिवसांच्या उशिरानं गेलं. ते पैसे कुणाचे होते? तुमचे आणि माझे.



आता आमच्या घरची दुसरी गोष्ट. ती सांगितली नाही तर पहिली अर्धवट राहील.

१९७२ चा दुष्काळ. ज्यांनी पाहिला ते अजून सांगतात. खडी फोडायची, नाल्याचे बांध घालायचे, पाझर तलावावर माती वाहायची, आणि पोरांना सुकडी मिळायची. १९७३ च्या उन्हाळ्यात राज्यात जवळपास ५० लाख लोक दुष्काळी कामांवर होते असं सांगतात. त्याच अनुभवातून पुढं रोजगार हमी आली. आमच्या आज्ज्याचं सव्वा एकर रान तेव्हा पाझर तलावात गेलं. कुणी विचारलं नाही, कुणी नोटीस दिली नाही. आज्ज्यानं विरोधही केला नाही. तोच त्या तलावावर पाट्या टाकत होता. स्वतःच्या रानात स्वतःच्या हातानं खड्डा खणून त्याची मजुरी घेत होता. मोबदला नंतर मिळेल असं सांगितलं. सातबाऱ्यावर नाव राहिलं, रान पाण्याखाली राहिलं.

वडील मोबदल्याच्या मागं लागले ते आत्याच्या अपिलानंतर दोनेक वर्षांनी. पेढे खाल्लेले, आत्मविश्वास आलेला. एका कचेरीतून दुसऱ्या कचेरीत. शेवटी एका वकिलांकडं गेले. वकिलांनी १९९५ चा सुप्रीम कोर्टाचा निकाल काढून दाखवला.

तो निकाल महाराष्ट्रातलाच. एका शेतकऱ्याची जमीन १९७१-७२ च्या दुष्काळी कामात रस्त्याला गेली होती. तो हायकोर्टात आला १९९१ मध्ये. हायकोर्टानं त्याच्या बाजूनं दिलं. सुप्रीम कोर्टानं ते फिरवलं. वीस वर्षं गप्प बसलात, उशिराचं कारण दिलं नाही, इतक्या वर्षांनी खरंखोटं पडताळायचं कसं, म्हणून दाद नाही.

वडील घरी आले आणि ओट्यावर बसून राहिले. बऱ्याच वेळानं म्हणाले, "म्हणतेत, इतके दिवस झोपला होता का?" मी तेव्हा कॉलेजात होतो. माझ्या मनात लगेच आत्या आली. तिलाही हेच विचारलं होतं, आणि विचारणारे आम्हीच होतो. तेव्हा बोलायची हिंमत झाली नाही.

आता या निकालाच्या पुढची गोष्ट सांगतो, कारण आपल्या भागात पाझर तलावात, रस्त्यात, नालाबंडिंगमध्ये जमिनी गेलेली बरीच घरं आहेत. कायदा १९९५ ला थांबलेला नाही. २०१२ मध्ये महाराष्ट्रातलंच एमआयडीसीचं प्रकरण सुप्रीम कोर्टात गेलं. १९६४ च्या अधिसूचनेतली जमीन, ताबा घेतला, मोबदला नाही. शेतकरी हायकोर्टात आले २००९ मध्ये, आणि हायकोर्टानं उशिरापायी परत पाठवलं. सुप्रीम कोर्ट म्हणालं, कायद्याचा आधार न घेता जमीन घेणाऱ्या सरकारला उशिराची ढाल पुढं करता येणार नाही. २०२० मध्ये हिमाचलमधल्या ८० वर्षांच्या निरक्षर बाईंचं प्रकरण. १९६७-६८ मध्ये रस्त्यात जमीन गेली, कोर्टात आल्या २०१० मध्ये. त्यांना मोबदला द्यायला लावला. त्यात कोर्टानं एक मुद्दा सांगितला तो महत्त्वाचा आहे. जमीन घेतली तेव्हा मालमत्तेचा हक्क हा मूलभूत हक्क होता. तो मूलभूत हक्कांतून गेला ४४ व्या घटनादुरुस्तीनं, १९७९ मध्ये. म्हणजे १९७२ च्या दुष्काळात आमच्या आज्ज्याचं रान तलावात गेलं तेव्हाही तो मूलभूत हक्कच होता.

पण म्हणून लगेच कोर्टाकडं पळू नका. १९९५ चा निकालही कागदावर आहेच. सरकारी वकील तो दाखवतील, तुमचा वकील २०१२ आणि २०२० चा दाखवेल. संमती होती का, नोटीस होती का, मधल्या काळात तुम्ही अर्ज केले का, यावर ठरेल. आणि वाढीव मोबदल्याच्या अपिलांत तर दोन्ही टोकं दिसतात. २०१७ मध्ये आंध्रातल्या शेतकऱ्यांचा ३६७१ दिवसांचा उशीर माफ झाला, अट एवढीच की त्या काळाचं व्याज मिळणार नाही. मला हा तोडगा सगळ्यात शहाणा वाटतो. उशीर झाला त्याची किंमत मोज, पण हक्क घे. आणि २०२४ मध्ये तेलुगू गंगा प्रकल्पातल्या जमिनीसाठी वारसदार ५६५९ दिवस उशिरा आले तेव्हा कोर्टानं दार उघडलं नाही. सहानुभूती वेगळी आणि पुरेसं कारण वेगळं.



खरं बोलायचं तर मुदत हवीच. हे मी मुद्दाम लिहितोय, नाहीतर कमेंटमध्ये वकील मित्र धरतील. तुम्ही दावा जिंकला, विहीर पाडली, कर्ज काढून पाइपलाइन केली, आणि पंधरा वर्षांनी समोरचा अपील घेऊन आला तर? तुमच्या पोरानं कधी निवांत झोपायचं? साक्षीदार मरतात, कागदाला वाळवी लागते. वतनाचे ते पिढ्यानपिढ्यांचे तंटे आठवा. कुठंतरी रेघ मारायलाच लागते.

माझं म्हणणं वेगळं आहे. मार्च २०२० मध्ये कोरोना आला तेव्हा सुप्रीम कोर्टानं स्वतःहून देशभरातल्या मुदती थांबवल्या. १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हा सगळा काळ मोजायचाच नाही असं ठरलं. कारण माणूस घराबाहेर पडू शकत नव्हता. अगदी बरोबर केलं. त्याच लॉकडाऊनमध्ये आपले ऊसतोड मजूर कारखान्यांच्या आवारात, कोप्यांत अडकून पडले होते, एप्रिलमध्ये परतायची परवानगी मिळाली. त्या वर्षी सगळ्या देशाला कळलं की माणूस घरापासून लांब अडकला तर कोर्टाची तारीख पाळता येत नाही. आपल्या तालुक्यातली हजारो माणसं दरवर्षी पाचसहा महिने तशीच लांब असतात. ऊसतोड दरवर्षी ठरलेली आहे, हा आमच्या वकिलाचा मुद्दा आठवा. ती दरवर्षीची आहे म्हणूनच कायद्यानं तिची आधीपासून दखल घ्यायला हवी. १८७९ मध्ये चार जिल्ह्यांसाठी वेगळी मुदत होऊ शकली, तर हंगामी स्थलांतर करणाऱ्या मजुरासाठी निदान हंगामाचे महिने मोजताना सूट का होऊ नये? हे काम आमदार-खासदारांचं आहे. ऊसतोड मजुरांच्या नावानं मेळावे खूप होतात. एखाद्या भाषणात हाही मुद्दा यावा.



तोवर आपल्या हातात आहे ते करू. वकील नसलेल्या माणसानं अनुभवातून सांगितलेल्या चार गोष्टी.

निकाल लागला की त्याच आठवड्यात नकलेचा अर्ज द्या. नक्कल तयार व्हायला कोर्टाला लागलेले दिवस मुदतीत धरत नाहीत. पण अर्जच उशिरा दिला तर ते दिवस तुमच्या अंगावर.

उशीर झालाच असेल तर अपिलासोबतच उशीर माफीचा अर्ज द्या आणि त्यात खरं कारण तारखांसकट लिहा. 'काही अपरिहार्य कारणामुळे' असं मोघम लिहू नका. फडावर होता तर कुठल्या कारखान्यावर, मुकादमाशी करार कधीचा, उचल कधी घेतली, परत कधी आलात, याचा कागद लावा. आजारी असाल तर दवाखान्याचे कागद. आत्याच्या अर्जात एकही कागद नव्हता.

अपील वेळेत केलं म्हणजे काम संपलं असंही समजू नका. अपील जिवंत असतानाही मरतं. पक्षकार वारला आणि ९० दिवसांत वारसांची नावं लावली नाहीत की त्याच्यापुरतं ते आपोआप संपतं. तारखेला कुणीच उभं राहिलं नाही की गैरहजेरीत काढून टाकतात, ते पुन्हा उभं करायला ३० दिवस. हायकोर्टात कागदांतल्या त्रुटी वेळेत काढल्या नाहीत तरी तेच. एकेकाळी आपल्याला यासाठी मुंबई गाठावी लागायची. ऑगस्ट १९८१ मध्ये औरंगाबादला खंडपीठ आलं आणि पुढं नगर जिल्हाही त्याला जोडला गेला, तेव्हा कुठं अंतर कमी झालं. आता तर तुमच्या केसची पुढची तारीख मोबाइलवर दिसते. गावातल्या शिकलेल्या पोरांनी आपल्या आळीतल्या दहा घरांच्या केसेस मोबाइलवर बघून दिल्या तरी मोठं काम होईल.

आणि पैसे नाहीत म्हणून उशीर होत असेल तर तालुका विधी सेवा समितीकडं जा. महिला, अनुसूचित जाती-जमाती, कमी उत्पन्नाचे लोक यांना वकील मोफत मिळतो. फोन नंबर १५१००. आत्याला हे कुणी सांगितलं नव्हतं. सांगणारे आम्हीच असायला हवे होतो, पण आम्ही पलीकडच्या बाजूला होतो.



आत्या २०१६ मध्ये वारली. तिचा मुलगा अजून कोयता घेऊन जातो. गेल्या दिवाळीला जाताना घराची किल्ली ठेवायला आमच्याकडं आला होता. चहा प्याला, माझ्या पोराच्या हातावर शंभर रुपये ठेवले आणि गेला. जमिनीचा विषय त्यानं कधी काढला नाही, त्या दिवशीही नाही.

त्या रात्री मी वडिलांजवळ विषय काढला. म्हटलं, आण्णा, आत्याच्या वाटणीचं काय? ते म्हणाले, "कोर्टानं दिलंय आपल्याला." मी म्हटलं, कोर्टानं दिलं नाही, कोर्टानं फक्त तिचं ऐकलं नाही. ते काही बोलले नाहीत. पण रागावलेही नाहीत.

कायदा वाचताना एक गोष्ट मला सापडली. मुदत गेलेलं कर्ज कोर्ट वसूल करून देत नाही, पण देणाऱ्यानं मनानं दिलं तर ते कायदेशीरच असतं. मुदत गेल्यावर द्यायचं पुन्हा लेखी कबूल केलं, तर तो करारही चालतो. जमिनीचंही तसंच, भावानं बहिणीच्या नावानं वाटा करून द्यायचा ठरवला तर त्याला कुठलंच कोर्ट उशीर झाला म्हणत नाही. तलाठ्याकडं जायचं, नोंदणी करायची, झालं.

यंदा टोळी परतली की आत्याच्या मुलाला घरी बोलावणार आहे. आण्णा आणि तात्या दोघांनाही बसवणार आहे. काय होईल माहीत नाही. जे होईल ते इथंच लिहीन.

तुमच्या घरात असं एखादं 'मुदतीबाहेर' गेलेलं प्रकरण असेल, जिंकलेलं असो की हरलेलं, तर कमेंटमध्ये सांगा. नावं लिहू नका. आणि आपल्या भागातल्या वकिलांनी माझं कुठं चुकलं असेल तर बिनधास्त दुरुस्त करा.